माणसं आत बसल्यावर रॉकेटमध्ये इंधन का भरतात?

बोरीकाठची बाई
२९ जून २०२५

नमस्कार मंडळी. मी अमळनेर तालुक्यातल्या एका जिल्हा परिषद शाळेत सहावी-सातवीला विज्ञान शिकवते. बुधवारी, २५ तारखेला, अंतराळवीर शुभांशु शुक्लांचं अंतराळ स्थानकाकडचं उड्डाण मुलांना थेट दाखवलं. टीव्ही लोकवर्गणीतून आलेला, इंटरनेट माझ्या मोबाइलचं. अकरा वाजल्यापासून दोन्ही वर्ग एका खोलीत दाटीवाटीनं बसले होते. यान सुटलं १२ वाजून १ मिनिटानं, म्हणजे नेमकं खिचडीच्या वेळेला. ताटल्या हातात घेऊन पोरं उभी होती आणि घास कुणीच घेत नव्हतं.

मी अडले ते त्याच्या अर्धा तास आधी. आता रॉकेटमध्ये इंधन भरायला सुरुवात होते आहे, असं निवेदनात सांगितलं. शुक्लांसकट चौघंही तोवर आत बसलेले, दार बंद. सहावीतली एक मुलगी उठली. तिचे वडील अमळनेर-धुळे रस्त्यावर इको चालवतात. ती म्हणाली, "मॅडम, पंपवर गॅस भरतांना पप्पा समदासले खाले उतारतस. मंग ह्या लोके मझार कसाले बठेल शेतस?"

मी म्हणाले, रॉकेटचं तंत्र वेगळं असतं. ती खाली बसली, पण तिच्या चेहऱ्यावरून कळत होतं की तिला उत्तर मिळालेलं नाही. आणि खरंच मी उत्तर दिलेलं नव्हतं. चार दिवस झाले, मनातून जात नाही.

दुसरा प्रश्न मुलांचा. शाळा उघडली तेव्हा त्यांना मी १९ तारीख सांगितली, मग २२, मग २५. एकानं विचारलं, सकाळी जमलं नाही तर संध्याकाळी का सोडत नाहीत, दुसरा दिवसच कशाला लागतो? इथे कुणी या कामातले जाणकार असतील तर सहावीच्या मुलांना समजेल असं सांगा. चुकीचं शिकवायचं नाही मला.

टाकीवाला, जळगाव
२९ जून, रात्री

ताई, तुमच्या त्या पोरीला माझा नमस्कार सांगा. तिनं विचारलं त्यावर अमेरिकेत जाणत्या माणसांनी तीन-चार वर्षं वाद घातलाय.

मी अकरा वर्षं द्रवरूप ऑक्सिजनच्या टाक्यांवर काम करतो. मोठ्या दवाखान्याच्या मागे उभी पांढरी टाकी असते ना, टँकरमधून तिच्यात ऑक्सिजन उतरवायचा आणि लाइन सांभाळायची. रॉकेट मी कधी जवळून पाहिलेलं नाही, पण त्याच्या पोटात जे जातं त्याच्याशी माझा रोजचा व्यवहार आहे. शुक्ला ज्या रॉकेटनं गेले त्या फाल्कन ९ मध्ये मुख्यतः दोन गोष्टी जातात. एक अतिशुद्ध केलेलं घासलेट, आणि दुसरा द्रव ऑक्सिजन.

द्रव ऑक्सिजन उणे १८३ अंशाला उकळतो. आपल्याकडे मे महिन्यात ४५ पार होतं, तेव्हा टँकरमधल्या मालात आणि बाहेरच्या हवेत सव्वादोनशे अंशांहून जास्त फरक असतो. टाकीला कितीही चांगलं आवरण असू द्या, तो सतत थोडाथोडा उडत राहतो. रॉकेटला तर आमच्या टाकीसारखं जाड आवरणही नसतं, वजन वाढतं म्हणून. त्यात फाल्कनवाले ऑक्सिजन आणखी गार करतात, साधारण उणे २०७ पर्यंत. गार केलं की तो आकसतो, म्हणजे तेवढ्याच टाकीत जास्त वजनाचा माल मावतो. घासलेटसुद्धा ते शून्याच्या खाली नेऊन भरतात, त्याच कारणानं. पण हा थंडावा टिकत नाही. भरून तासभर ठेवला तर तो तापून फुगतो आणि सगळा फायदा गेला. म्हणून उड्डाणाला ३५ मिनिटं उरली की भरायला सुरुवात करायची, आणि भरून होताच सोडायचं. हे झालं कारण अर्धं.

उरलेलं अर्धं मला जास्त महत्त्वाचं वाटतं, आणि पोरीला तेच सांगा. पंपावर गाडीतून उतरलं की चार पावलांवर मोकळी जागा असते. रॉकेटवर माणसं वीस मजल्यांच्या उंचीवर बसलेली असतात. उतरायचं म्हटलं तर पट्टे सोडा, दार उघडा, पूल ओलांडा, लिफ्ट धरा. आग इतकी वाट बघत नाही. म्हणून पळायची सोय यानातच बसवलेली आहे. रॉकेटच्या टोकावर माणसं बसतात ते यान म्हणजे ड्रॅगन. त्याच्या अंगात आठ इंजिनं आहेत, ती पेटली की यान रॉकेटला सोडून क्षणात दूर फेकलं जातं आणि मग छत्रीनं उतरतं.

आता क्रम बघा. माणसं आधी बसतात, तेव्हा खालचं रॉकेट रिकामं. दार लावणारी मंडळी निघून जातात. ४५ मिनिटं उरली असताना सगळ्यांना विचारलं जातं, भरायचं का? होकार आला की पूल बाजूला सरकतो. मग पळायची यंत्रणा सज्ज करतात. आणि त्यानंतरच इंधनाचा पहिला थेंब रॉकेटमध्ये येतो. म्हणजे रॉकेटमध्ये स्फोट होण्याजोगं काही आहे त्या प्रत्येक मिनिटाला आतल्या चौघांकडे सुटायची वाट तयार आहे, आणि बाहेर जवळपास कुणीही नाही. आधी भरून ठेवलं असतं तर? भरलेल्या रॉकेटच्या अंगाखांद्यावर चौघं प्रवासी आणि त्यांना बसवणारे पाच-सहा जण दोन तास वावरले असते, दार उघडं, पळायची यंत्रणा बंद.

तारखा का पुढे गेल्या त्याबद्दलही लिहितो, कारण त्यातली एक गोष्ट थेट माझ्या कामातली आहे. जूनमध्ये एकदा हवेमुळे थांबलं. मग ११ जूनचं उड्डाण थांबलं ते रॉकेटच्या खालच्या भागात ऑक्सिजनची गळती सापडल्यामुळे. इंजिनं काही सेकंद पेटवून चाचणी झाली होती, त्यानंतरच्या तपासणीत ती दिसली. तेव्हा इस्रोच्या माणसांनी शिफारस केली की जागेवर दुरुस्त करा नाहीतर भाग बदला, आणि उड्डाणाला हो म्हणण्याआधी कमी तापमानाला गळतीची चाचणी घ्या. कमी तापमानाला, हे शब्द वाचले आणि मी बायकोला हाक मारून दाखवले.

का ते सांगतो. एप्रिल २०२१ मध्ये एका दवाखान्यात नवी लाइन टाकली होती. संध्याकाळी साबणाचं पाणी लावून मी स्वतः सगळे जोड तपासले, एक बुडबुडा नाही. रात्री टँकर आला, माल सोडला, लाइन गार व्हायला लागली आणि दहा मिनिटांत एका फ्लँजमधून, म्हणजे बोल्टनं आवळलेल्या जोडातून, पांढरी वाफ. गारठल्यावर धातू आकसतो, बोल्टची पकड बदलते, गॅस्केट कडक होतं. घरच्या तापमानाला जो जोड शहाण्यासारखा वागतो तोच थंडीत तोंड उघडतो. मी व्हॉल्व्ह बंद केला. तिथले एक जबाबदार गृहस्थ म्हणाले, थोडंच गळतंय, चालू द्या, बाहेर नातेवाईक ओरडतायत. सिलिंडरवर पुरवठा चालू होता, पेशंटना कमी पडत नव्हतं, म्हणून मी ऐकलं नाही. लाइन कोमट होऊ दिली, गॅस्केट बदललं, पुन्हा गार करून बघितलं, मग टाकी भरली. पाऊण तास गेला. त्या पाऊण तासात मला जे ऐकावं लागलं ते इथे लिहीत नाही. पण द्रव ऑक्सिजन वायू झाला की आठशे पटींहून जास्त फुगतो, आणि त्यात कुठे तेलाचा, ग्रीसचा डाग असला तर ठिणगीसुद्धा मोठी लागत नाही. थोडंच गळतंय असं या मालाच्या बाबतीत नसतं.

इतकं जग बघत असताना, आपला माणूस जाणार म्हणून सगळा देश वाट बघत असताना कुणीतरी 'आधी थंड चाचणी' म्हणालं. माझ्या लेखी त्या मोहिमेतलं सगळ्यात मोठं काम तेच.

आबा भुसावळ
३० जून

ताई, तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचं मी बघतो. मी रेल्वेत लोको पायलट होतो, निवृत्त होऊन सात वर्षं झाली. वेळापत्रक हा माझा जुना आजार.

ते ज्या अंतराळ स्थानकावर गेले ते ४०० किलोमीटर उंचीवर फिरतं, साधारण दीड तासात एक फेरी, दिवसाला सोळाएक. मुलांना असं सांगा की त्याचा रूळ आकाशात मांडलेला आहे, विषुववृत्ताशी ५१.६ अंशांचा तिरपा. तो रूळ जवळपास जागच्या जागी राहतो आणि त्याच्या आत पृथ्वी फिरते. रॉकेट सुटतं तो फ्लोरिडाचा फलाट पृथ्वीबरोबर फिरत फिरत त्या रुळाच्या बरोबर खाली येतो, तो क्षण सुटायचा. आमच्याकडे गाडी फलाटाला लागते, इथे फलाट रुळाखाली येतो. तो क्षण चुकला की फलाट पुढे गेला. मग रूळ बाजूला राहतो आणि तिकडे वळायला लागणारं इंधन कुठल्याच रॉकेटकडे नसतं. दिवसात आणखी एकदा फलाट रुळाखाली येतो हे खरं, पण तेव्हा रूळ आग्नेयेकडे जात असतो, आणि फ्लोरिडाहून ही उड्डाणं ईशान्येकडे, समुद्रावरून करतात. म्हणून संध्याकाळी नाही, दुसऱ्या दिवशीच.

आता एक गंमत मुलांकडून करून घ्या. वजाबाकी आहे फक्त. ११ जूनची ठरलेली वेळ आपल्या घड्याळात संध्याकाळी ५:३० होती. २५ जूनची दुपारी १२:०१. चौदा दिवसांत वेळ ५ तास २९ मिनिटं अलीकडे आली. चौदानं भागा, रोजची साडेतेवीस मिनिटं. मी हे वहीत मांडलं आणि पडताळायला १० जूनची वेळ शोधली. ५:५२ होती, म्हणजे ११ तारखेपेक्षा २२ मिनिटं उशिरा. जुळतं. त्यातली चारएक मिनिटं यासाठी की पृथ्वी ताऱ्यांच्या हिशेबानं २४ तासांना थोडे कमी असतानाच एक फेरी पूर्ण करते. बाकीची वीसेक मिनिटं यासाठी की पृथ्वी पोटाशी थोडी फुगीर आहे, त्या फुगवट्याच्या ओढीनं आकाशातला तो रूळही रोज पाचएक अंश पश्चिमेला सरकतो. नुसत्या दोन बातम्यांमधल्या वेळांवरून पृथ्वीचं पोट सुटलेलं कळतं, मला त्या रात्री झोप आली नाही.

आणखी एक. ते २५ ला दुपारी १२:०१ ला निघाले आणि २६ ला दुपारी ४:०१ ला स्थानकाला जोडले गेले. बरोबर २८ तास. कक्षेत पोचायला मात्र नऊ मिनिटंही लागत नाहीत. बाकी सगळा वेळ पाठलागाचा. खालच्या रुळावरची गाडी जास्त वेगानं फिरते, म्हणून यान आधी खाली राहतं, स्थानकाला गाठत येतं आणि मग टप्प्याटप्प्यानं वर चढतं. सुटताना स्थानक सोयीच्या ठिकाणी असेल तर हा पाठलाग आटोपता येतो. रशियाचं सोयुझ हल्ली तीनएक तासांतही पोचलंय.

आणि पोरांना हेही सांगा की चौघं २५ मेपासून विलगवासात होते. कुणाची सर्दीसुद्धा वर जाऊ नये म्हणून. तारखा पुढे जात राहिल्या तसा तो महिनाभर लांबला. आम्हाला गाडीवर चढण्याआधी विश्रांतीचे तास पुरे झालेत का ते बघायचे, फुंकर मारून दारूची तपासणी व्हायची, ब्रेकचा दाखला हातात आल्याशिवाय गाडी हलवायची नाही. सिग्नल लाल असताना मागे अठराशे माणसं खोळंबलेली असली तरी बसून राहायचं. महिनाभर बसून राहणं काय असतं ते मला त्यामुळे थोडं कळतं.

धुळेकर
३० जून

मी यंत्र अभियांत्रिकीच्या शेवटच्या वर्षाला आहे. टाकीवाला दादांचं उत्तर पटलं, पण ताई, मुलांना एकच बाजू सांगू नका.

१ सप्टेंबर २०१६ ला फ्लोरिडात एक फाल्कन ९ इंधन भरतानाच पॅडवर, म्हणजे सुटायच्या जागेवरच, फुटलं. वर उपग्रह होता, माणसं नव्हती, कुणी जखमी झालं नाही. दुसऱ्या टप्प्याच्या ऑक्सिजन टाकीत हेलियमच्या बाटल्या बुडवलेल्या असतात. बाटलीचं आतलं अस्तर आणि बाहेरचं गुंडाळलेलं कार्बनचं आवरण यांच्यामध्ये ऑक्सिजन अडकला आणि तिथे पेट घेतला, असं निघालं. ऑक्सिजन इतका गार होता की काही ठिकाणी घट्ट होण्याची शक्यता होती. म्हणजे ज्या जादा थंडाव्यामुळे उशिरा भरावं लागतं, त्याच थंडाव्याचा अपघातात हात होता. त्याच्या आधीच, २०१५ मध्ये, जुने अंतराळवीर थॉमस स्टॅफर्ड यांच्या समितीनं नासाला लिहून कळवलं होतं की माणसं बसलेली असताना इंधन भरणं हे पन्नास वर्षांच्या रिवाजाच्या विरुद्ध आहे. नासानं ही पद्धत मान्य केली ती २०१८ मध्ये, बाटल्यांची रचना बदलल्यावर, आणि माणसं नेण्याआधी हीच भरणी पाच वेळा करून दाखवायच्या अटीवर.

जुनी पद्धतही टाकाऊ नव्हती. सोयुझमध्ये आधी भरतात, मग माणसं चढतात. २६ सप्टेंबर १९८३ ला बायकोनूरला उड्डाणाच्या दीडएक मिनिट आधी खाली आग लागली. तारा जळाल्या होत्या, म्हणून नियंत्रकांनी रेडिओवरून आज्ञा दिली. यानाच्या टोकावरच्या सुटकेच्या मनोऱ्यानं आतले अंतराळवीर तितोव्ह आणि स्त्रेकालोव्ह यांना ओढून नेलं आणि काही सेकंदांत पॅड उडालं. दोघंही वाचले. पुढच्याच वर्षी, एप्रिल १९८४ मध्ये, राकेश शर्मा सोयुझनंच सॅल्यूत ७ या सोव्हिएत अंतराळ स्थानकावर गेले.

टाकीवाला, जळगाव
३० जून, रात्री

धुळेकर भाऊ, मान्य. बाटल्यांचं मी लिहायला हवं होतं. जादा थंडावा फुकट मिळत नाही, हे आम्हालाही रोज दिसतं.

१९८३ चं उदाहरण दिलंत ते मला उलट माझ्याच बाजूचं वाटतं. ती आग उड्डाणाच्या दीड मिनिट आधी लागली म्हणून मनोरा सज्ज होता. तीच दोन तास आधी, चढताना लागली असती तर?

एक गोष्ट कमी लोकांना माहीत असते. २७ मे २०२० ला ड्रॅगनमधून पहिल्यांदा माणसं जायची होती, हर्ली आणि बेन्केन. हवा बिघडली म्हणून साधारण १७ मिनिटं उरली असताना थांबवलं. तोवर भरणी चालू झालेली होती. मग काय केलं? दोघांना तसंच आत बसवून ठेवलं, पळायची यंत्रणा सज्ज ठेवली, सगळं इंधन काढून घेतलं, आणि मगच पूल परत आला. तीन दिवसांनी ते गेले. भरताना जो नियम तोच रिकामं करताना. ताई, तुमच्या पोरीला हे नक्की सांगा, कारण तिचा पुढचा प्रश्न हाच असणार.

बोरीकाठची बाई
१७ जुलै

उशीर झाला, माफ करा. पाऊस, पेरणी, त्यात वर्गात निम्मी पटसंख्या.

तुमचं सगळं मुलांपुढे ठेवलं, धुळेकरांची बाजूही. आकसण्याचं नुसतं सांगून पटेना, म्हणून काचेची अरुंद गळ्याची बाटली घेतली, कढत पाण्यानं तोंडापर्यंत भरली, बूच लावलं आणि गळ्यावर पेनानं रेघ मारली. दुसऱ्या दिवशी पाणी रेघेच्या चांगलं खाली. एक मुलगा म्हणाला, चोरी झाली. मग पुन्हा तोंडापर्यंत गार पाणी ओतलं, किती जास्त मावलं ते टोपणानं मोजलं. तेव्हा डोळे चमकले.

क्रमासाठी खेळ केला. फरशीवर खडूनं रॉकेट काढलं. चौघं आत, तिघं दार लावणारे, एक पूल, एक पळायची यंत्रणा, आणि दोघांच्या हातात पाण्याचे तांबे. प्रत्येकानं आपली पाळी आली की मोठ्यानं सांगायचं. मधेच मी टाळी वाजवायची आणि विचारायचं, आत्ता आग लागली तर कोण अडकलं? पहिल्यांदा आधी भरून खेळलो, सात जण अडकले. मग त्यांच्या क्रमानं खेळलो. टाळी कितीही वेळा वाजवली तरी चौघं सुटत होते आणि दार लावणारे व्हरांड्यात पोचलेले होते. माझी इकोवाली पळायची यंत्रणा झाली होती. भरणी थांबवून मी म्हणाले, उड्डाण रद्द, चला उतरा. तर तिनं कुणालाच उतरू दिलं नाही, आधी तांबे रिकामे करायला लावले. टाकीवाला दादा, तुमची २०२० ची गोष्ट तोपर्यंत मी तिला सांगितलेली नव्हती.

आबा, भागाकार सातवीनं केला. तुमच्या पृथ्वीच्या पोटावर मात्र वर्ग अडला आहे, आणि खरं सांगते, मीही.

मंगळवारी, १५ तारखेला दुपारी ३ वाजता ते चौघं कॅलिफोर्नियाजवळ समुद्रात उतरले, ते शेवटच्या तासाला बघितलं. शुक्लांनी वर मूग आणि मेथीला मोड आणले होते, तो प्रयोग धारवाडच्या लोकांचा. तेव्हापासून आमच्या खिडकीत मेथीच्या अकरा वाट्या आहेत.

आबा भुसावळ
१७ जुलै

ताई, शनिवारी सकाळची शाळा असते ना? मी येतो. सुरत लाइनची गाडी धरली की अमळनेर काही लांब नाही. एक भोवरा आणि एक सायकलचं चाक आणतो, पृथ्वीचं पोट हातानंच दाखवावं लागेल.

टाकीवाला, जळगाव
१७ जुलै

आबा, जळगावला मी चढतो. द्रव ऑक्सिजन शाळेत आणता येणार नाही, तो आग्रह मुलांनी धरू नये. हातमोजे, चेहऱ्याची काच आणि त्या रात्रीचं काढलेलं गॅस्केट माझ्याकडे आहे, ते आणतो. थंडीनं पडलेली चीर त्याच्यावर अजून दिसते.